वारिबोकोच्या सापळ्यातला मासा

"राजे खोटं बोलतात, वकील खोटं बोलतात, लग्नाची बायकोसुद्धा वेळप्रसंगी खोटं बोलते. टोरुकिरीची नदी आजवर खोटं बोललेली नाही! खरा माणूस तिचं पाणी प्याला तर त्याच्या अंगी लागतं. खोटा प्याला तर पुढच्या बाजाराच्या आत त्याचं पोट नगाऱ्यासारखं फुगतं. असलं न्यायालय पृथ्वीच्या पाठीवर दुसरं दाखवा!"

एवढं बोलून गावचे प्रमुख चीफ ओपुबो यांनी दोन्ही हात आभाळाकडे नेले आणि थोडा वेळ तिथेच राहू दिले. मग घसा कोरडा पडला म्हणून ते खाली आणले, झग्याच्या खिशातून पाण्याची प्लॅस्टिकची पिशवी काढली, दातांनी तिचा कोपरा तोडला आणि न्यायालयाकडे पाठ करून घटाघट पाणी प्याले. पिशवीवर बर्फाच्या डोंगराचं चित्र होतं. टोरुकिरीत डोंगर कोणी पाहिलेला नव्हता, पण पाणी हल्ली सगळे तिथलंच पीत.

न्यायालय मागे संथ वाहत होतं. ओहोटीची वेळ होती. पाण्यावर तेलाचा तवंग पसरला होता आणि उन्हात त्यात मोरपिसाचे सगळे रंग दिसत होते. काठावरच्या खारफुटीची मुळं डांबरात पाय रोवून उभी असल्यासारखी काळी होती. तिथेच एक पाटीही होती. वरच्या अंगाला तेल कंपनीचा नळ फुटून नदीभर तेल आलं, तेव्हा कंपनीची माणसं आली, त्यांनी फावड्यांनी इकडचा चिखल तिकडे केला आणि जाताना ती पाटी लावली: 'ही नदी स्वच्छ करण्यात आली आहे.' पाटी खरोखरच स्वच्छ होती. कंपनीने सभेच्या मांडवाला पत्रे दिले, पांढऱ्या प्लॅस्टिकच्या खुर्च्या दिल्या, आणि चीफनी माइकपुढे उभं राहून सांगितलं, "नदी स्वच्छ झाली, गाव समाधानी आहे." तेव्हापासून नदी घाण आहे असं म्हणायला गावात कोणाला बंदी नव्हती. फक्त ते उभ्याने म्हणावं लागे. त्यांनी दिलेल्या खुर्चीत बसून म्हणणं बरं दिसत नसे.

आज एकटा डागोगो उभा होता, पण तो आरोपी होता म्हणून.

आरोप त्याच्या शेजाऱ्याचा, वारिबोकोचा. टोरुकिरीत नदीचं एकेक वळण एकेका घराण्याचं. तिथे त्या घराने काठ्यांचं कुंपण घालायचं, कुंपणाच्या टोकाला वेताचा सापळा लावायचा, आणि भरतीबरोबर आत शिरलेला मासा ओहोटीला काढायचा. आजे-पणजे हेच करत आले. काठ्या अजून उभ्या होत्या, सापळेही होते. मासा तेवढा येत नव्हता.

"काल सकाळी माझ्या सापळ्यात मासा होता," वारिबोको सांगत होता. त्याचा आवाज चिरकत होता. "दीड वीत भरेल एवढा! मी म्हाताऱ्या बापाला आणायला घरी गेलो. म्हटलं, स्वतःच्या हाताने काढू दे. डोळे गेलेत त्याचे, पण हात आहेत ना? पाठीवर घेऊन आलो त्याला. त्याने सापळ्यात हात घातला..."

"मग?" चीफ म्हणाले.

"रिकामा बाहेर काढला. मला विचारतो, 'कुठाय?' काय सांगू? आणि दुपारी मासा धुरावल्याचा वास कोणाच्या घरातून आला? अख्ख्या गावाने घेतला तो वास!"

हे खरं होतं. गावाने वास घेतला होता, आणि ज्यांना जमलं त्यांनी डागोगोच्या दारावरून उगाच दोन-दोन चकराही मारल्या होत्या.

"डागोगो," चीफ म्हणाले, "तू वारिबोकोचा मासा घेतलास?"

"नाही."

"मग तुझ्या धुरावर होता तो कुठला?"

इथे डागोगोने खरं सांगायला हवं होतं. पण टोरुकिरीत ज्याला अजून मासा लागतो असा एकटा डागोगोच उरलाय, असं सगळे म्हणायचे. त्याच्या हाताला गुण आहे, म्हणायचे. इतकी वर्षं ऐकलेलं माणसाच्या मणक्यात जाऊन बसतं.

"माझ्या वळणातला," तो म्हणाला. "मी धरलेला."

वारिबोको थुंकला. चीफनी पिशवी चुरगाळून खुर्चीखाली टाकली आणि निकाल दिला. उद्या ओहोटीला नदीची शपथ. भोपळ्याच्या वाडग्यातून आधी आरोपी पिईल, मग त्याच वाडग्यातून फिर्यादी. पुढच्या बाजाराच्या आत ज्याचं पोट बिघडेल तो खोटा. त्याची होडी उभी चिरून काठावर जाळायची. जो पिणार नाही आणि खरंही सांगणार नाही, त्याचीही तीच गत.

डागोगोची होडी त्याच्या बापाने एका अखंड खोडातून कोरलेली होती. आई सांगायची, तो जन्मला तोही त्याच होडीत, सुईणीकडे जाताना. एवढं जाड खोड आता आसपास कुठे उभं नव्हतं, आणि कोरणारा बापही नव्हता.

*

"पी की मग," घरी त्याची बायको इबिसो म्हणाली. ती कसाव्याचे कंद कुटत होती आणि मुसळ जरा जास्तच जोरात पडत होतं. "तू चोर नाहीस. नदीला कळतं."

"चीफची शेळी गेल्या पावसाळ्यात नदीचं पाणी प्याली. पोट फुगून मेली. तिच्यावर कसला आरोप होता?"

मुसळ थांबलं.

"मग नको पिऊस."

"नाही प्यायलो तर होडी जाईल. प्यायलो तरी जाईल."

"मग खरं सांग! बोमाच्या बापा, तोंड उघड आणि सांगून टाक, बायको शहरात जाते, बर्फाच्या पेटीतले परदेशी बांगडे आणते आणि खारफुटीच्या धुरावर धरते. चोरी आहे का ती?"

"हळू बोल!"

"का हळू बोलू? तुझं नाव होतं आणि माझी पाठ मोडते. टोपलीत खाली बांगडे, वर कसावा, त्यावर माझी चप्पल, वास येऊ नये म्हणून. परवा चीफची थोरली बायको तुकडा तोंडात टाकून म्हणते, 'आपल्या नदीची चवच न्यारी!' मला ठसका लागला."

डागोगो हसला नाही. हसण्यासारखं होतं, हे त्यालाही कळत होतं. पण टोरुकिरीचा आणखी एक जुना नियम होता: जो मासेमार मासा विकत घेतो, त्याचं नदीत वळण राहत नाही. पूर्वजांनी तो नियम केला तेव्हा नदीत एवढे मासे होते की विकत घेणारा एक तर आळशी असायचा, नाहीतर वेडा. दोघांनाही वळण देण्यात अर्थ नव्हता.

"खरं सांगितलं तर होडी वाचेल, पण वळण जाईल," तो म्हणाला. "वळणाशिवाय होडी घेऊन काय करू? भिंतीला टांगू?"

"बोमाकडे जाऊ. शहरात. पोरगी किती दिवसांपासून बोलावतेय. तिच्या घरात पंखा आहे."

"बापाचं वळण सोडून?"

"त्या वळणात काय येतं रे? मागच्या महिन्यात तुझ्या सापळ्यात रबरी चप्पल आली. तीही एका पायाची."

डागोगो उठून बेलेमा आजीकडे गेला.

शपथेचा वाडगा बेलेमा आजीच्या ताब्यात असे. गावातली सर्वांत म्हातारी बाई, नदीच्या वतीने बोलणारी. ती दारात बसून वाडगा खोबरेल लावून पुसत होती.

"आजी, पाणी नदीचंच लागतं का?"

"मग काय ताडीची शपथ घेणारेस?"

"नाही, म्हणजे पिशवीतलं चालेल का? तेही कुठल्या तरी नदीचंच असेल की."

"पोरा, त्या नदीला तू ओळखतोस का? ती तुला ओळखते का?" आजीने वाडगा उजेडात धरून पाहिला. "मी या वाडग्यातून पाजायला लागले तेव्हा तू रांगत होतास. तेव्हापासून प्यायलेल्या सगळ्यांत मोजून दोघांची पोटं फुगली. दोघं खरंच चोर होते. आता न विचारता अख्ख्या गावाची फुगतात. किती होड्या चिरू?"

"मग चीफना सांग ना, शपथ बंद करा म्हणून."

"काय सांगू? नदी आंधळी झाली म्हणू? मग मी कोण? पडक्या देवळाची पुजारीण?" तिने वाडगा पदराखाली झाकला. "चीफही थांबवणार नाही. पाणी वाईट म्हणाला तर माइकवर काय बोलला होता ते लोक काढतील. आणि वारिबोकोने आरोप मागे घेतला तर तो खोटा ठरतो. त्याची होडी चिरतील. सगळे एकाच सापळ्यात आहोत रे. भरतीबरोबर आत आलो, आता तोंड सापडत नाही. जा, नीट जेव. उपाशी पोटी पिऊ नकोस."

*

दुसऱ्या दिवशी ओहोटीला सगळं गाव काठावर जमलं. चीफसाठी खुर्ची खाली आणली होती. ती चिखलात रुतत होती आणि चीफ हळूहळू ठेंगणे होत होते. बेलेमा आजी गुडघाभर पाण्यात गेली. तिने हाताने तवंग बाजूला सारला. तवंग बाजूला झाला आणि परत आला. तिने पुन्हा सारला. शेवटी तिने वाडगा आणि स्वतःचा हात दोन्ही तसेच बुडवले आणि ती बाहेर आली.

वाडग्यात मोरपिसाचे रंग होते.

"फिर्यादीने पुढे यावं," आजी म्हणाली. "मासा कोणता होता, ते नदीला सांग. नावाशिवाय नदी शोधणार कशी?"

हा शपथेचा जुनाच भाग होता. वारिबोको पुढे आला. त्याने पाण्याकडे पाहिलं, मग लोकांकडे, मग परत पाण्याकडे.

"नाव... नाव नाही माहीत. चंदेरी होता."

"आणि?"

"पाठ निळसर. पाठीवर काळे पट्टे. नागमोडी."

गर्दीत कोणीतरी खोकलं.

"शेपूट?"

"दुभंगलेली."

आता काठावर इतकी शांतता झाली की खेकड्यांचं चालणं ऐकू आलं असतं, खेकडे असते तर. डागोगोने मान वर करून वारिबोकोकडे पाहिलं. असा मासा या नदीत कोणाच्या बापाने धरलेला नव्हता, आज्याने नाही, पणज्याने नाही. हा मासा खाडीत येत नाही. तो दूरच्या थंड समुद्रात राहतो, आणि तिथून बर्फाच्या पेटीत बसून शहराच्या बाजारात उतरतो.

"हाताला कसा लागला?" आजीने विचारलं.

"गार," वारिबोको पुटपुटला.

"किती गार?"

"...बराच."

"मऊ होता की कडक?"

वारिबोकोने खाली पाहिलं. "जरा कडकच."

चीफनी लोकांवरून नजर फिरवली. "असा मासा कोणी ओळखतो का?"

सगळ्या गावाने तो ओळखला होता. ज्याच्या घरी तो चुलीवर होता त्यानेही, ज्याच्या घरी तो काल संपला त्यानेही. पण ओळखला म्हणायचं तर कुठे भेटला तेही सांगावं लागलं असतं. म्हणून माणसं आपापल्या पायांच्या बोटांकडे बघू लागली. चीफ स्वतःही बघू लागले. त्यांची बोटं चिखलाखाली होती, तरी.

"कोणी ओळखत नसेल," चीफ घाईने म्हणाले, "तर शपथ पुढे चालू द्या. डागोगो, पी."

आजीने वाडगा डागोगोच्या हातात दिला. तो हातात आला तसा वास नाकात गेला, शहरात बसमध्ये डिझेल भरताना येतो तसा. तवंग वाडग्याच्या कडेला चिकटत होता. डागोगोने समोर पाहिलं. त्याच्यानंतर याच वाडग्यातून प्यायला वारिबोको उभा होता. त्याच्या मागे, दूर त्याच्या घराच्या उघड्या दाराच्या आत, त्याचा म्हातारा बाप खाटेवर बसलेला दिसत होता. म्हाताऱ्याने आपल्या वळणातल्या माशाशिवाय दुसरा मासा जन्मात तोंडात घातला नव्हता, आणि आता तो कुठलाच घालत नव्हता.

डागोगोला सगळं एकदम दिसलं. पहाटे बर्फाचा बांगडा कमरेला लपवून पाण्यात उतरलेला वारिबोको. काठ्यांना धरून, वाकून, तो बांगडा आपल्याच सापळ्यात हळूच ठेवणारा. मग म्हाताऱ्याला पाठीवर घेऊन येणारा. पन्नाशीचा माणूस, पण त्याला बापाशी सरळ खोटं बोलवेना. मासा सापळ्यातूनच निघाला, एवढं तरी त्याला खरं म्हणायचं होतं.

"पितोस ना?" चीफ म्हणाले.

"नाही."

इबिसोने डोळे मिटून घेतले.

"तो बांगडा होता," डागोगो म्हणाला. "बर्फातला. मी ओळखतो, कारण मी तोच खातो. माझ्या धुरावर होता तोही बांगडाच. नदीतला नव्हता. इबिसो बाजारातून आणते. मी त्याचा मासा चोरला नाही, पण वळणातला म्हणालो ते खोटं. गेली कित्येक वर्षं मी काही धरलेलं नाही."

वारिबोको मटकन चिखलात बसला आणि त्याने दोन्ही हातांत तोंड लपवलं.

"मग याचा मासा नेला कोणी?" गर्दीतून एका बाईने विचारलं.

"घोरपडीने," बेलेमा आजी शांतपणे म्हणाली. "सापळ्याच्या तोंडाशी नखं उमटलीयत. सकाळीच पाहिली मी. तिचीही उपासमार चाललीय बिचारीची."

"सकाळीच पाहिलीस तर सांगितलं का नाहीस?" चीफ ओरडले.

"मला विचारलं कोणी? तुम्ही नदीला विचारत होता."

चीफना आता न्याय करणं भाग होतं. ते खुर्चीतून उठले. खुर्ची चिखलातच राहिली. "मासा विकत घेणाऱ्या मासेमाराला नदीत वळण नाही," ते खणखणीत आवाजात म्हणाले. "पूर्वजांचा नियम आहे. डागोगोचं वळण आजपासून गेलं!"

डागोगोने बापाच्या वळणातल्या काठ्यांकडे पाहिलं. आणि त्याच्या मागोमाग, त्याची त्यालाच लाज वाटावी असं, काहीतरी सुटल्यासारखं झालं. बोमाचं घर डोळ्यांपुढे आलं. तिथला पंखा. गेलं एकदाचं. आता कोणी म्हणणार नाही की यानेच सोडलं.

"ज्याने आजवर मासा विकत घेतलेला नाही," चीफ पुढे म्हणाले, "त्याने यावं आणि वळण आपल्या घराला घ्यावं."

कोणी आलं नाही.

चीफ थांबले. एक बाई आपल्या नवऱ्याकडे बघत होती आणि नवरा ढगांकडे. एका म्हाताऱ्याने पाय उचलला. सगळ्यांनी श्वास रोखले. त्याने पाय खाजवला आणि परत ठेवला.

"कोणीच नाही?"

"तुम्ही घ्या की, चीफ," इबिसो गोड आवाजात म्हणाली. "तुमच्या थोरलीला आपल्या नदीची चव कळते."

चीफना एकाएकी घाम फुटला. "घेणारा नसेल तर... तर नियमाप्रमाणे वळण ज्याचं आहे त्याच्याकडेच राहील. डागोगो, तुला ते सोडता येणार नाही. घेणारा मिळेपर्यंत काठ्या नीट ठेवायच्या, सापळा लावायचा, रोज बघायचं. हीच तुझी शिक्षा."

म्हणजे काल होतं तेच. डागोगोने मान हलवली. पंखा डोळ्यांपुढून हळूहळू फिरायचा थांबला.

राहिला वाडगा. काढलेलं पाणी न पिता नदीला परत करता येत नाही, हाही नियम होता. आजीने तो चीफपुढे धरला.

"मला ब्लडप्रेशर आहे," चीफ म्हणाले.

"मग झाकून पाटीखाली ठेवते," आजी म्हणाली. "ज्यांनी नदी स्वच्छ केली ते साहेब येतीलच कधीतरी. पाहुण्याला आधी पाणी द्यायची आपली पद्धत आहे."

लोक पांगले. चीफची खुर्ची दोघांनी मिळून उपटली. डागोगो होडीपाशी जाऊन बसला. होडी शाबूत होती. तो तिच्या काठावरचा काळा चिकटा नखाने खरवडत राहिला. मागे पावलं वाजली. वारिबोको होता.

"डागोगोदादा, मी तुला चोर म्हणालो."

"म्हणालास."

"म्हाताऱ्याला यातलं काही सांगायचं नाही, असं गावाने ठरवलंय. न बोलताच ठरलं."

"बरं झालं."

"तो अजून विचारतो. आज सापळ्यात काही आलं का." वारिबोको चिखलात अंगठ्याने रेघ ओढू लागला. "वहिनी पुढच्या बाजाराला जाईल ना, तेव्हा... माझ्यासाठी एक आणेल? आणि तो तू ठेव माझ्या सापळ्यात. मला सांगू नकोस कधी ठेवलास ते. म्हणजे म्हाताऱ्याने विचारलं तर मला म्हणता येईल की कसा आला ते मला माहीत नाही."

डागोगोने नदीकडे पाहिलं. भरती चढायला लागली होती. तवंग काठ्यांच्या कुंपणातून आत शिरत होता, पूर्वी मासे शिरायचे तसा.

"ठेवीन," तो म्हणाला.

वारिबोको चार पावलं गेला, आणि परत आला.

"आणि दादा, आधी जरा वितळू दे हं."